तुम्ही मला विचारलंत तो रविवार

बाबा,

तुम्हाला जाऊन सतरा वर्षं झाली आणि माझा तुमच्यावरचा राग अजून गेलेला नाही. काळ गेला की राग निवळतो असं सगळे सांगतात. माझा निवळला नाही, मुरला. तेव्हा तुमच्याबद्दल चांगलं काही वाचायला मिळेल या आशेत राहू नका. चांगलं बाकीचे बोलतातच. आई बोलते, मराठी मंडळातले बोलतात, ईलिंग रोडवरच्या ज्या दुकानदारांचे काटे तुम्ही वर्षानुवर्षं तपासलेत तेसुद्धा बोलतात. माझी तक्रार एकच आहे आणि ती मला कळायला लागलं तेव्हापासूनची आहे. तुम्ही माझा शब्द कधी खरा धरला नाहीत. मारलं नाहीत, काही कमी पडू दिलं नाहीत, शिकवलंत, सगळं केलंत. पण मी काही सांगितलं आणि तुम्ही ‘बरं’ म्हणून पुढे गेलात असं आपल्या घरात घडलं नाही. मी सांगायचो आणि तुम्ही तपासायचात.

कौन्सिलमध्ये तुमचं कामच वजनमापं तपासायचं होतं, हे मला मान्य आहे. पण लोक संध्याकाळी काम ऑफिसात ठेवून घरी येतात. तुम्ही ते घेऊन यायचात. हॅरोच्या आपल्या स्वयंपाकघरात दर दिवाळीच्या आधी तुम्ही तुमची ती पितळी वजनं काढायचात, मखमलीच्या खणांत बसवलेली, आणि आईचा काटा तपासायचात. एका वर्षी तो सहा ग्रॅम कमी दाखवत होता. तुम्ही त्यावर तशी चिठ्ठी चिकटवलीत, खाली सही केलीत आणि तारीख टाकलीत. आई म्हणाली, “अहो, मी शंकरपाळ्या करणार आहे, सोनं विकणार नाहीये.” तुम्ही हसला नाहीत. मला ताप आलाय म्हटलं की तुम्ही थर्मामीटर माझ्या तोंडात घालून समोर खुर्ची टाकून बसायचात, मी ते चहाच्या कपात बुडवीन म्हणून. मी एकदाही बुडवलं नव्हतं. मला ती युक्ती तुमच्या त्या बसण्यावरूनच कळली.

शाळेच्या एका हाफ-टर्मच्या सुट्टीत आईला कामावरून रजा मिळेना, म्हणून तुम्ही मला बरोबर घेऊन गेलात. वेम्बलीतलं एक वाण्याचं दुकान, बाहेर कोथिंबिरीच्या आणि भेंडीच्या पेट्या. दुकानदार तुम्हाला बघून पुढे आला, ‘साहेब, चाय’ म्हणाला. तुम्ही नको म्हणालात. मला पाणी देऊ का म्हणाला, तर तुम्ही माझ्या वतीनेही नको म्हणालात, आणि मला खरोखर तहान लागली होती. तुम्ही त्याच्या काट्यावर एकेक वजन ठेवताय, थांबताय, लिहून घेताय, आणि तो बिचारा शेजारी हात बांधून उभा. काटा बरोबर निघाला. बाहेर आल्यावर मी म्हटलं, काका चांगले आहेत ना, मग एवढं तपासायचं कशाला? तुम्ही चालता चालता सांगितलंत, “माणूस चांगला आहे का, हे मला बघायचंच नाही. काटा बघायचा.” मी नऊ वर्षांचा होतो. मला वाटलं तुम्ही दुकानाबद्दल बोलताय.

मग ती ग्रीनहाऊसची काच. शेजारच्या म्हाताऱ्या बाईंच्या टोमॅटोच्या ग्रीनहाऊसची काच फुटली तेव्हा मी बारा वर्षांचा होतो आणि घरात गृहपाठ करत होतो. मी नाही फोडली, असं मी चार वेळा सांगितलं. “एव्हिडन्स काय आहे?” तुम्ही विचारलंत. गृहपाठाची वही दाखवली, तर शाई वाळली आहे का हे बोटाने बघितलंत. नंतर टेप घेऊन बागेत गेलात, आपल्या कुंपणापासून त्या काचेपर्यंतचं अंतर मोजलंत, माझा क्रिकेटचा बॉल त्या भोकाला लावून बघितलात, आणि निकाल दिलात. मला त्यांच्या दारात उभं राहून, न केलेल्या गोष्टीची माफी मागावी लागली. इंग्लिशमध्ये, पूर्ण वाक्यांत, तुम्ही मागे उभे. दोन आठवड्यांनी त्या बाईंनी स्वतः येऊन सांगितलं की त्यांच्याच नातवाने फोडली होती, तो आत्ता कबूल झाला. त्या गेल्यावर मी स्वयंपाकघराच्या दारात उभा राहिलो. तुम्ही पेपर वाचत होतात. वर बघितलंत, “बरं,” म्हणालात आणि पान उलटलंत. त्या ‘बरं’साठी मी तुम्हाला अजून माफ केलेलं नाही, आणि करायचा विचारही नाही.

हर्लिंग मी खेळायला लागलो तेही एका परीने तुमच्यामुळेच. तुम्ही मला कॅथलिक शाळेत घातलंत, शिस्त आणि निकाल बघून. ते निकालही पाच वर्षांचे काढून ताडून पाहिले होतेत. तिथे पीईचे सर आयर्लंडचे होते. त्यांनी एक दिवस वाकड्या पात्याच्या काठ्यांची पेटी आणली. पंधरा विरुद्ध पंधरा, क्रिकेटच्या बॉलएवढा चामडी बॉल, तो काठीवर झेलायचा, पळायचं, हाणायचं. गोलच्या दांड्यांमधून वर गेला तर एक पॉइंट, खाली जाळ्यात गेला तर गोल, म्हणजे तीन पॉइंट. मला त्यांनी गोलमध्ये उभं केलं, कारण अंगावर येणाऱ्या गोष्टीला मी डोळे मिटत नव्हतो. घरची सवय. तुम्ही माझी ती काठी एकदा हातात घेऊन उलटीपालटी केलीत, बिघडवलेली हॉकी म्हणालात, आणि विषय संपला.

शाळा सुटली, नोकरी लागली, तरी मी खेळत राहिलो. पंचवीस वर्षांचा होतो, तुमच्याच घरात राहत होतो, रोज सकाळी मेट्रोपॉलिटन लाइनने सिटीत जात होतो, आणि दर रविवारी माझा लहानसा क्लब होता. एक सुतार, दोन शिक्षक, एक दातांचा डॉक्टर, स्कॅफोल्डिंगवाले तीन भाऊ, असे लोक. तुमचा त्यावर विश्वास नव्हता. रविवारी मी दुसरीकडेच कुठे तरी जातो, पबमध्ये किंवा एखाद्या मुलीकडे, असं तुमच्या मनाने घेतलं होतं. मी गुडघ्यापर्यंत चिखलात माखून यायचो, पोटऱ्यांवर काळेनिळे वळ असायचे. “चिखल काय, कुठेही मिळतो,” तुम्ही आईला म्हणालात. मी जिन्यात होतो. ऐकलं.

त्या वर्षी आम्ही फायनलला पोचलो. ज्युनियर चॅम्पियनशिप, ज्युनियर म्हणजे पोराटोरांची नव्हे, तळाची. वरच्या दोन वर्गांत ज्यांना कुणी घेत नाही अशा पोटं सुटलेल्या मोठ्या माणसांची. वेम्बलीच्या नव्या स्टेडियमची कमान तेव्हा उभी राहिली होती आणि आत मॅच अजून सुरू व्हायच्या होत्या. तुम्ही ती कमान बघायला दोनदा गेलात. माझी एकही मॅच बघायला आला नव्हतात. फायनलच्या सकाळी मी बूट भरत होतो, तर तुम्ही टाय लावून, गाडीची किल्ली घेऊन खाली आलात. आईला वाटलं मुलाच्या कौतुकाला निघाले. मला माहीत होतं तुम्ही कशाला निघालात. मी सांगतो तिथे खरंच जातो का, तुम्हाला बघायचं होतं.

मैदान मेट्रोपॉलिटन लाइनच्या पार टोकाकडे. रात्रभर पाऊस पडून गेलेला, गोलसमोर नुसता राडा. शंभर-सव्वाशे माणसं, चहाची खिडकी, फॉइलमध्ये सँडविच. प्रत्येक गोलपाशी दोन अंपायर लागतात, पांढऱ्या कोटातले, एकेका दांडीला एकेक. गोल झाला तर हिरवं निशाण, पॉइंट झाला तर पांढरं. मोठ्या मॅचला रेफ्री ही माणसं आपल्याबरोबर आणतो. आमच्या मॅचला चारातला एक आलाच नाही, आणि रेफ्री बाजूला उभ्या माणसांत कुणी मिळतंय का ते शोधत फिरायला लागला. तिथे टाय लावलेले तुम्ही एकटेच होतात. मी पळत जाऊन सांगितलं की हे माझे वडील आहेत, यांना नको. रेफ्री थांबला. पण समोरच्या टीमचा मॅनेजर मोठ्याने हसला. त्याचं किलबर्नला मटणाचं दुकान होतं, आणि तुम्ही त्याचा काटा दोनदा नापास केला होतात. तो सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला की हा माणूस स्वतःच्या आईचा काटा नापास करील, मुलाची काय कथा. आम्हाला हाच चालेल. आणि तुम्ही, ज्यांना दुकानातला चहा चालत नव्हता, तुम्ही कोट घातलात. नियम काय आहेत ते रेफ्रीकडून दोनदा समजावून घेतलंत. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

पहिल्या हाफमध्ये मी पलीकडच्या गोलमध्ये होतो, तुमच्यापासून लांब, आणि बरा खेळलो. दुसऱ्या हाफमध्ये बाजू बदलल्या आणि मी तुमच्या समोर आलो. माझ्या डाव्या हाताला चार पावलांवर तुम्ही, टायवर पांढरा कोट, दोन्ही हातांत गुंडाळलेली निशाणं. त्यांचा एक पॉइंट झाला, तुम्ही पांढरं निशाण वर केलंत, सरळ, वेळ घेऊन. दुसरा झाला, तसंच. दोन्ही बरोबर होते. मी बॉल अडवला तरी तुमच्या चेहऱ्यावर काही नाही, सुटला तरी काही नाही. एवढी वर्षं मला वाटायचं की तुम्ही एकदा मला गोलमध्ये बघावं. तुम्ही बघत होतात, गोलच्या रेषेकडे.

शेवटच्या मिनिटाला आम्ही दोन पॉइंटांनी पुढे होतो आणि त्यांना अगदी जवळून फ्री, फाउलबद्दलचा मोकळा फटका, मिळाली. म्हणजे आता वरून मारून उपयोग नाही, गोलच पाहिजे. आमचे सहा-सात जण माझ्याभोवती रेषेवर उभे. त्यांच्या माणसाने बॉल उचलून खालून सणसणीत मारला, कुणाच्या तरी नडगीला लागून तो वळला, सगळे एकमेकांवर कोसळले, मी त्या ढिगात पालथा पडलो, काठी आत घातली, बॉल ओढला आणि बाहेर भिरकावला. इकडे ते ‘गोल’ म्हणून ओरडतायत, तिकडे आमचे ‘नाही’ म्हणून. पलीकडच्या दांडीचा अंपायर हात हलवून सांगतोय की मला माणसांच्या गर्दीत दिसलं नाही. रेफ्री तुमच्याकडे धावत निघाला. आणि तुम्ही चष्मा काढून कोटाच्या टोकाने पुसत होतात, कारण त्यांचा धिप्पाड फॉरवर्ड घसरत तुमच्या पायाशी आला होता आणि सगळा चिखल तुमच्या तोंडावर उडाला होता.

तुम्ही चष्मा घातलात. रेफ्री अजून दहा पावलं लांब होता. तुम्ही वाकलात आणि मला मराठीत, हळू आवाजात विचारलंत,

“आत गेला होता का रे?”

त्या मैदानावर ते कळणारं दुसरं कुणी नव्हतं. मी चिखलात गुडघ्यांवर होतो. मी म्हणालो, “नाही, बाबा.”

तुम्ही सरळ झालात. एव्हिडन्स मागितला नाहीत. रेफ्रीने विचारलं, तुम्ही मान हलवून गोल नाही असं सांगितलंत. मिनिटभरात शिट्टी वाजली. आमच्या सुताराने मला उचलून खांद्यावर टाकलं. त्यांची दोन-तीन पोरं तुमच्या अंगावर धावून आली, पण तो मटणवाला मधे पडला. हा म्हणतो नाही, म्हणजे नाही, असं त्यांना दटावून त्याने तुमचा हात हातात घेतला. त्याने चेष्टेत विचारलं, चष्मा तर चिखलाने भरला होता, तुम्हाला दिसलं कसं? तुम्ही सरळ सांगितलंत की दिसलं नाही, गोलकीपरला विचारलं. तो पोट धरून हसला. त्याला वाटलं तुम्ही विनोद केलात. तुम्ही जन्मात विनोद केला नव्हता.

परतताना गाडीत मेडल माझ्या मांडीवर होतं. मी विचारलं, का विचारलंत मला? सिग्नल सुटला तसा तुम्ही गिअर टाकलात. “तू जवळ होतास,” म्हणालात. एवढंच. आणि त्या दिवसापासून तुम्ही मला तपासणं बंद केलंत. मी उशिरा आलो, ऑफिसात होतो म्हणालो, तुम्ही ‘बरं’ म्हणून झोपायला गेलात. घराच्या इन्शुरन्सचे कागद माझ्या हातात दिलेत, तू वाच आणि सांग म्हणालात. पंचवीस वर्षं जे मागत होतो ते सगळं एका रविवारात माझ्या पदरात टाकलंत, आणि मला तुमचा पहिल्यापेक्षा जास्त राग यायला लागला. मंडळाच्या दिवाळीला तुम्ही ती गोष्ट सांगायचात. कागदी थाळी हातात, भोवती चार माणसं, आणि तुम्ही, ज्यांना गप्पा मारता येत नव्हत्या, रंगात येऊन सांगताय. शेवटचं वाक्य ठरलेलं. “मुलगा नाही म्हणाला, म्हणजे नाही.” मी तिथून उठून बाहेर जायचो. आई म्हणायची, लाजतो.

लाजत नव्हतो. बॉल आत होता, बाबा. रेषेच्या चांगला वीतभर आत होता. मी तो पोटाखाली बघितला, पांढरी रेषा त्याच्या पुढे होती, आणि मी तो ओढून बाहेर काढला.

तुम्ही आजारी पडलात तेव्हा डॉक्टरांनी आधी मला बाहेर बोलावून सांगितलं. पूर्वीचे तुम्ही असता तर रिपोर्ट मागवला असतात, दुसऱ्या हॉस्पिटलमध्ये गेला असतात, त्या डॉक्टरांचं शिक्षण कुठे झालं तेही काढलं असतंत. तुम्ही मला विचारलंत, काय म्हणाले? मी खरं ते सांगितलं. तीन-चार महिने, म्हणालो. तुम्ही मान डोलावलीत आणि आईला चहा करायला सांगितलंत. एक प्रश्न नाही. मी पलंगाशी उभा राहून मनात तुम्हाला शिव्या देत होतो. भांडा माझ्याशी, खोटं बोलतोयस म्हणा, कागद मागा. पुढे वॉर्डातल्या नर्सलाही तुम्ही ती मॅच सांगितलीत, धापा टाकत, तुमच्या पाठ केल्यासारख्या इंग्लिशमध्ये. ती माझ्याकडे बघून हसली. त्या वेळी सांगता आलं असतं. तुम्ही शुद्धीवर होतात, खोलीत तिसरं कुणी राहिलं नव्हतं, आणि माझ्याकडे अख्खी दुपार होती. मी तुमची उशी सारखी केली आणि गाडी पार्किंगच्या मीटरवर लावली आहे म्हणून निघालो. गाडी मीटरवर नव्हती. तुम्ही ‘बरं’ म्हणालात.

गेल्या आठवड्यात क्लबातून फोन आला. त्या कपाला वीस वर्षं झाली म्हणून जेवण ठेवलंय, समोरच्या टीमलाही बोलावलंय. मटणवाला आता ऐंशीच्या पुढे आहे, तोही येणार आहे, आणि गोलकीपरला विचारणाऱ्या इन्स्पेक्टरची गोष्ट माझ्याच तोंडून ऐकायची आहे म्हणतो. मी हो म्हणालो. तुम्ही सांगायचात तशीच सांगणार आहे, शेवटच्या वाक्यासकट. हे पत्र आईला दाखवायचं नाही आणि दुसऱ्या कुणाला पाठवायचं नाही, तेव्हा एक गोष्ट लिहून टाकतो. आम्हाला कप मिळावा म्हणून मी नाही म्हणालो, असं मी स्वतःलाही आजवर सांगत आलो. तसं नव्हतं. त्या क्षणी मला कपाचं भान नव्हतं. ‘हो’ म्हटलं असतं तर ते कुणीही मानलं असतं, स्वतःच्या विरुद्ध कोण खोटं बोलतं? तुम्ही माझं ‘नाही’ मानता का, हे मला बघायचं होतं. तुम्ही मानलंत.